बांधावर वाळा लावताना : बेट फोडणे आणि नांग्या भरणे

उतारावर वाळा लावायचा तो माती धरून ठेवायला, माठात टाकायच्या जुडीसाठी नव्हे. मुळ्या विकायच्या असतील तर सपाटीवर वेगळा वाफा करा. उतारावरची ओळ मुळ्यांसाठी खणलीत की पुढच्याच पावसात तिथे ओघळ पडतो.

वाळ्याला हराळीसारखी जमिनीखालून पळणारी खोडे नसतात. तो बेटानेच, म्हणजे एका जागी दाट झुपक्याने वाढतो, त्यामुळे पिकात घुसत नाही. मुळ्या आडव्या न पसरता सरळ खाली जातात, चांगल्या जमिनीत दोन-तीन वर्षांत तीन मीटरपर्यंत. वर ताठ पात्यांची दाट भिंत उभी राहते. वाहते पाणी तिच्यापाशी मंदावते, आडवे पसरते, गाळ मागे टाकते आणि पात्यांमधून झिरपत पुढे जाते. गाळात गाडलेल्या पेऱ्यांना नवी मुळे फुटतात, म्हणून गाळ चढेल तसे बेटही वर चढते. पण हे सगळे सलग ओळीत. ओळीत एक वीतभर भगदाड राहिले की अडलेले सगळे पाणी तिथूनच जोराने निसटते. अशी ओळ असण्यापेक्षा नसलेली बरी.

बेणे ठोंबांपासून, म्हणजे मुळांसकट फोडलेल्या फुटव्यांपासून वाढवलेल्या रोपवाटिकेतून घ्या. दक्षिणेकडचा लागवडीतला वाळा बियांनी पसरत नाही. उत्तरेकडच्या रानटी प्रकाराला उगवणारे बी धरते, तो टाळा.

ओळ समपातळीत आखा. पाण्याच्या नळीने किंवा ए-आकाराच्या चौकटीने. दोन ओळींत उभा फरक एक मीटर ठेवला तर पाच टक्के उतारावर त्या वीस मीटरवर येतात, दोन टक्क्यांवर पन्नास मीटरवर. नांगराचे एक तास (नांगराची एक रेघ) मारले की चर तयार. शेणखत टाका.

आता बेट फोडणे. लागवड फसते ती बहुतेक इथेच.

बेट हाताने उपटू नका. पात्या हातात येतात आणि गड्डा जमिनीतच राहतो. आधी पात्या पंधरा-वीस सेंमी ठेवून विळ्याने कापा. मग बेटाभोवती पहार घालून सगळा गड्डा उचला आणि माती झटका. गड्डा नीट बघा. मधली जुनी, फुलोरा येऊन गेलेली काडी पोकळ आणि तपकिरी असते; ती परत फुटत नाही. कडेचे फुटवे पांढरट, बुडाशी फुगीर आणि घट्ट असतात. बेणे हेच. सपासप कोयता चालवून बेटाच्या चार फाका करणारे बरेच भेटतात. त्यात निम्मे बूड तुटते आणि मधला मेलेला भागही लागवडीत जातो. फुटवे हाताने पिळून वेगळे करा, अडले तरच कोयत्याचे टोक लावा. दोन-तीन फुटव्यांचा एक ठोंब ठेवा. बेणे पुरवायला एकेक फुटवा लावायचा मोह होतो. उघडिपीत पहिला जातो तो हाच.

मुळ्या दहा सेंमी ठेवून बाकीच्या छाटा. लांब मुळी चरात दुमडते, टोक वर वळते आणि ठोंब बसत नाही. छाटलेले ठोंब लगेच शेणकाल्यात बुडवून ओल्या गोणपाटाखाली सावलीत ठेवा. बांधावर उन्हात ढीग घालून जेवायला जाऊ नका. फोडले त्याच दिवशी लावा.

लागवड मृगाच्या सरींनी जमीन भिजून वाफसा (माती ओली, पण चिखल नाही) आल्यावर. दोन ठोंबांत दहा ते पंधरा सेंमी अंतर, त्याहून जास्त नाही. एक फुटावर लावा, भरून येईल, असा सल्ला सर्रास दिला जातो. बेणे वाचते आणि दोन पावसाळ्यांची माती जाते. पंधरा सेंमीने शंभर मीटर ओळीला सुमारे ६७० ठोंब लागतात. नांग्यांसाठी, म्हणजे ठोंब मेलेल्या रिकाम्या जागा भरायला, शंभर जादा आणून एका वाफ्यात लावून ठेवा. ठोंब पूर्वी होता त्याहून दोन-तीन सेंमी खोल बसवा आणि बुडाशी टाचेने माती दाबा. मग एक पाते धरून हलके ओढा. ठोंब वर आला तर आत हवा राहिली आहे. काढून परत बसवा. पाते तुटले आणि ठोंब जागचा हलला नाही, तर तो बसला.

पावसाने ओढ दिली तर पहिला महिनाभर आठवड्यातून दोनदा पाणी द्या. पहिल्या वर्षी गुरे येऊ देऊ नका. कोवळी पात ती खातात. आंब्याच्या किंवा बाभळीच्या दाट सावलीत वाळा लावू नका. सावलीत तो विरळच राहतो.

ओळ धरली की वर्षातून दोन-तीनदा तीस-चाळीस सेंमीवर कापा. कापल्याने फुटवे वाढतात आणि भिंत दाट होते. कापलेली पात वरच्या बाजूला पिकात आच्छादन म्हणून टाका.

नांग्या भरायच्या तर तीन-चार आठवड्यांत, त्याच पावसाळ्यात. पुढच्या वर्षी लावलेला ठोंब दोन मोठ्या बेटांच्या सावलीत खुरटतो. जोराचा पाऊस चालू असताना ओळीच्या खालच्या बाजूने चाला. पाणी सगळीकडून झिरपताना दिसले पाहिजे. जिथे एकाच जागी धार लागून गढूळ पाणी येते तिथे काठी रोवून खूण करा. पाऊस थांबल्यावर त्या खुणेपाशी दोन ठोंब जवळजवळ लावा आणि वरच्या बाजूला दगडांची छोटी रांग रचा, म्हणजे मुळे धरेपर्यंत पाणी तिकडे वळणार नाही.