अपघाती मृत्यूच्या भरपाईचा निवाडा तोकडा वाटल्यास अपील कसे करावे

घरातील कमावता माणूस रस्ते अपघातात गेल्यानंतर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने मंजूर केलेली रक्कम अपुरी वाटली, तर अपिलाचा निर्णय त्यामागचा हिशेब तपासून घ्यावा. निवाड्याची प्रमाणित प्रत मिळवण्यासाठी त्याच आठवड्यात नक्कल अर्ज द्यावा. मोटार वाहन अधिनियमाच्या कलम 173 नुसार निवाड्याच्या तारखेपासून 90 दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते आणि नक्कल मिळण्यास लागलेले दिवस त्यातून वगळले जातात. उशीर झाल्यास सबळ कारणासह विलंबमाफीचा अर्ज जोडावा लागतो. वादातील रक्कम एक लाखापेक्षा कमी असेल, तर अपील चालत नाही.

प्रत हाती आल्यावर मृताचे वय, मासिक उत्पन्न, भावी उत्पन्नवाढ, वैयक्तिक खर्चाची वजावट आणि गुणक (उरलेल्या वार्षिक उत्पन्नाला ज्या आकड्याने गुणायचे तो) या पाच गोष्टी एका कागदावर उतरवून घ्याव्यात. घाटकोपरचा 38 वर्षांचा रिक्षाचालक, मागे पत्नी, दोन मुले व आई, आणि न्यायाधिकरणाने धरलेले उत्पन्न दरमहा 18,000 रुपये, असे उदाहरण घेऊ. अवलंबून असलेले चार जण असल्याने वजावट एक चतुर्थांश आणि 36 ते 40 या वयोगटासाठी गुणक 15, हे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये सरला वर्मा प्रकरणात ठरवून दिले आहे. एवढ्यावर थांबल्यास 24,30,000 रुपये होतात. मात्र 2017 च्या प्रणय सेठी निकालानुसार चाळिशीच्या आतील स्वयंरोजगारी व्यक्तीच्या उत्पन्नात 40 टक्के भावी वाढ मिळवायची असते, आणि ती मिळवल्यावर हाच आकडा 34,02,000 रुपये होतो. म्हणजे एक ओळ राहून गेल्याने कुटुंबाचे 9,72,000 रुपये बुडतात. कायम नोकरीत असलेल्यांसाठी या वयात वाढ 50 टक्के धरली जाते. मृत व्यक्ती अविवाहित असल्यास वजावट सहसा निम्मी असते, पण गुणक मृताच्याच वयावरून घ्यायचा असतो, आईवडिलांच्या वयावरून नव्हे.

पगारपत्रकातील भविष्य निर्वाह निधी, विम्याचा हप्ता किंवा कर्जाचा हप्ता वजा करून उत्पन्न धरले असेल, तर तोही अपिलाचा भक्कम मुद्दा ठरतो, कारण हा पैसा कुटुंबाचाच असतो. मृताचीही काही टक्के चूक होती असे ठरवून रक्कम कापली असेल, तर घटनास्थळ पंचनामा पुन्हा बारकाईने वाचावा: वाहने कोठे व कोणत्या दिशेला उभी होती आणि ब्रेकच्या खुणा किती लांबीच्या होत्या, हे त्यात नोंदलेले असते. मूळ दाव्यात न दिलेला नवा पुरावा मात्र अपिलात सहज स्वीकारला जात नाही, म्हणून वरच्या न्यायालयात सगळे देता येईल या भरवशावर राहू नये.

मुंबईतील निवाड्यावरचे प्रथम अपील फोर्टमधील मुंबई उच्च न्यायालयात दाखल होते. अपील विमा कंपनीने केले असेल, तर नोटीस मिळाल्यापासून एक महिन्यात आपला प्रतिआक्षेप दाखल करून वाढीव रक्कम मागता येते, आणि ही संधी कुटुंबांनी सोडू नये असे मला कळकळीने वाटते. केवळ अपील दाखल झाल्याने निवाड्याला स्थगिती मिळत नाही. कंपनीने न्यायालयात जमा केलेली रक्कम काढून घेण्यासाठी अर्ज करता येतो, मात्र पैसे घेताना 'पूर्ण व अंतिम रक्कम मिळाली, तक्रार नाही' अशा मजकुराच्या पुरशिसवर (न्यायालयात द्यायच्या लेखी निवेदनावर) सही करू नये. लोक अदालतीत तडजोड झाली, तर त्या निवाड्यावर पुढे अपील नाही. त्यामुळे वरीलप्रमाणे आपला हिशेब मांडल्याशिवाय तेथे आकडा मान्य करू नये.

वकिलाच्या खर्चाअभावी अनेक विधवा हा मार्गच सोडून देतात. विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम 12 नुसार स्त्रियांना, त्यांचे उत्पन्न कितीही असले तरी, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, आणि त्यासाठीचा अर्ज उच्च न्यायालय विधी सेवा समितीकडे 90 दिवसांची मुदत चालू असतानाच निवाड्याच्या प्रतीसह द्यावा.