उधाणांनी मोजलेलं वर्ष : कल्पित लोकांसाठी दिनदर्शिका कशी रचावी

कल्पित जगाची दिनदर्शिका करायला बसलं की आधी महिन्यांची सुरेख नावं सुचायला लागतात. ती बाजूला ठेवा. पहिलं काम वेगळं आहे : या लोकांचा कुठला दिवस चुकला तर त्यांच्या पोटावर पाय येईल, ते ठरवा.

माझ्या कथेतले रेवाळ लोक खाडीच्या मुखाशी राहतात. ती खाडी मी रत्नागिरीच्या किनाऱ्यावरूनच उचलली आहे. खाजणात, म्हणजे भरतीचं पाणी शिरणाऱ्या सखल जमिनीत, बांध घालून ते भात करतात. उधाणाआधी बांधाची डागडुजी झाली नाही तर खारं पाणी आत शिरतं आणि भात जातं. म्हणजे उधाणाचा दिवस त्यांना आधी कळायलाच हवा.

दुसरं काम, तो दिवस ओळखायचा कशावरून? चंद्रावरून, असं पटकन वाटतं. पण कोकणात एकदा मृगाचा पाऊस धरला की चंद्र बरेच दिवस ढगाआड राहतो, आणि भाताचा जीव नेमका त्याच दिवसांत टांगणीला असतो. समुद्र मात्र चंद्राचा हिशेब ढगांतही ठेवतो. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे सगळ्यात लहान भरती. भरती रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते. त्यावरूनच आपल्या किनाऱ्यावर जुना आडाखा आहे : तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ निघते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. रेवाळांसाठी मी हा आडाखा उलटा फिरवला. ज्या दिवशी पूर्ण भरती भर दुपारी येते, तो उधाणाचा दिवस. पाणी सगळ्यात जास्त चढतं ते त्यानंतर एक-दोन दिवसांनी, त्यामुळे बांधावर माती टाकायला वेळ मिळतो. हे सुचलं तेव्हा मला खरा आनंद झाला, कारण इथून पुढे ही माणसं मला दिसायला लागली.

आता वर्षाचं तोंड शोधा. रत्नागिरी साधारण १७ अंश उत्तर अक्षांशावर आहे. तिथे सूर्य वर्षातून दोनदा बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या काठीची सावली नाहीशी होते, एकदा मेच्या ८-१० तारखेच्या सुमारास आणि पुन्हा ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात. ऑगस्टमधला दिवस बहुधा पावसात बुडतो. मेमधला लख्ख असतो. रेवाळ सड्यावरच्या, म्हणजे उघड्या पठारावरच्या, कातळात काठी रोवून तोच पाहतात, आणि बिनसावलीच्या दिवसानंतरचं पहिलं उधाण हे त्यांच्या वर्षाचं पहिलं उधाण.

पुढचं गणित मात्र नीट बसून करा, कारण गोष्ट त्यातच दडलेली असते. चांद्रमास सुमारे २९.५३ दिवसांचा, म्हणून उधाण ते उधाण १४.७७ दिवस. ३६५.२४ दिवसांच्या वर्षात अशी २४.७३ उधाणं बसतात. पूर्ण आकडा येत नाही, आणि तो ओढूनताणून आणूही नका. आपल्या पंचांगातही बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस सौरवर्षाला सुमारे ११ दिवसांनी कमी पडतात, म्हणून ३२-३३ महिन्यांनी अधिक महिना धरावा लागतो. रेवाळांना तेवढी आकडेमोड लागत नाही. काठीची सावली गेली की त्यांची मोजणी पुन्हा एकपासून सुरू होते. त्यामुळे चारांतली साधारण तीन वर्षं २५ उधाणांची होतात, त्यांना ते ‘भरलं वर्ष’ म्हणतात. उरलेलं २४चं, ते ‘सुकं’. आता समजा, कुणी पंचविसाव्या उधाणाला कर्ज फेडायचा शब्द दिला आणि वर्ष सुकं निघालं, तर? हा तंटा मी दोन प्रकरणं चालवला आहे.

दिवस सूर्योदयापासूनच मोजा. भरतीवर दिवस बेतायचा मोह होईल, पण रोजच्या ५० मिनिटांनी तो काही दिवसांतच भलत्या वेळी सुरू होऊ लागतो. आठवड्याची गरज नसेल तर तो करूच नका.

नावं आता द्या, आणि ती कामावरून द्या. पहिलं उधाण आगोटीचं, म्हणजे पावसाच्या तोंडाचं, कारण तेव्हा सुकी मासळी आणि सरपण घरात भरायची घाई असते. पाचवं लावणीचं. अकरावं कापणीचं. सोळावं डिसेंबरच्या शेवटाकडे येतं, ते आंब्याच्या मोहराचं. काही उधाणांना नाव सुचलं नाही तर नुसता आकडा चालेल. ज्या पंधरवड्यात काही घडत नाही त्याला लोकही नाव देत नाहीत.

झालेली दिनदर्शिका कुणाच्या तरी तोंडी घालून पाहा. आजी नातीला सांगते, “बयो, तू मोहराच्या उधाणातली. भांगाला दोन दिवस होते, आणि तुझा बापूस कालवं काढायला गेला होता.” हे वाक्य अडखळलं तर नावं बदला.

शेवटी एक चूक मुद्दाम राहू द्या. भरती खाडीतून वर चढायला वेळ घेते. मुखापेक्षा वरच्या गावात ती तासाभराने उशिरा पोचत असेल, तर तिथे भर दुपारची भरती एक दिवस आधीच दिसते. म्हणजे दोन्ही गावांचं उधाण एकच, पण दिवस वेगळे. माझ्या कथेत वरच्या गावचा नवरा ठरल्या दिवशी वऱ्हाडाची होडी घेऊन मुखाशी येतो, आणि नवरीच्या दारात अजून मांडवाचे खांबही उभे राहिलेले नसतात.