काउंटी जेलमध्ये असलेल्या आपल्या माणसाशी संपर्क कसा ठेवायचा

अमेरिकेत कुणाला अटक झाली की त्याला बहुतेक वेळा आधी काउंटी जेलमध्ये नेतात. काउंटी म्हणजे साधारण आपल्या जिल्ह्यासारखा विभाग. तिथलं जेल बहुतेक राज्यांत शेरीफ, म्हणजे काउंटीचा पोलीसप्रमुख, चालवतो. खटला सुरू असलेले, जामीन न मिळालेले आणि साधारण वर्षभरापर्यंतची शिक्षा झालेले लोक इथे असतात. मोठ्या शिक्षेचे कैदी राज्याच्या तुरुंगात जातात. प्रत्येक काउंटीची फोन कंपनी, भेटीच्या वेळा, टपालाचा पत्ता आणि नियम वेगळे असतात. त्यामुळे ओळखीतल्या कुणाला टेक्सासात काय अनुभव आला होता, याचा कॅलिफोर्नियात फारसा उपयोग नाही. त्या विशिष्ट जेलचं पान उघडून तिथलंच वाचायचं.

एक गोष्ट सुरुवातीलाच पक्की धरा: तुम्ही आत फोन लावू शकत नाही. घरात मृत्यू किंवा गंभीर आजारपण असेल तर काही ठिकाणी जेलच्या चॅप्लेनमार्फत, म्हणजे धर्मगुरूमार्फत, निरोप जातो, एरवी नाही. फोन आतूनच येणार. तो आला तेव्हा उचलला जावा आणि तुटू नये, एवढी तयारी बाहेरच्यांनी करायची. म्हणून अमेरिकेत राहणाऱ्या एकाच माणसाला सूत्रधार नेमा. खाती, पैसे, वकिलाशी बोलणं, भारतातल्या आईवडिलांना कळवणं, सगळं त्याच्याकडून. पाच मित्रांनी पाच खाती उघडली की पैसे विखुरतात आणि कुणालाच पूर्ण चित्र माहीत नसतं.

आधी माणूस सापडायला हवा

काउंटीचं नाव आणि ‘इनमेट सर्च’ किंवा ‘जेल रोस्टर’ असं शोधलं की शेरीफच्या साइटवरची यादी मिळते. फिंगरप्रिंट, फोटो, वैद्यकीय प्रश्न अशा बुकिंगमध्ये काही तास जातात, आणि ते संपेपर्यंत नाव यादीत दिसत नाही. तोवर तो शहराच्या पोलीस ठाण्यात किंवा हॉस्पिटलमध्येही असू शकतो. सकाळपर्यंत दिसलं नाही तर जेलच्या माहिती क्रमांकावर फोन करून पूर्ण नाव आणि जन्मतारीख सांगा. कनेक्टिकट, डेलावेअर, ऱ्होड आयलंड, व्हरमाँट, हवाई आणि अलास्का या राज्यांत जेल आणि तुरुंग राज्यच एकत्र चालवतं, तिथे राज्याच्या करेक्शन्स विभागाची साइट बघायची.

आपल्या नावांचा घोळ इथे हमखास होतो. पासपोर्टवर वडिलांचं नाव पहिल्या नावाला जोडलेलं असतं, ते कधी मधलं नाव म्हणून चढतं तर कधी आडनाव म्हणून. पासपोर्टवर आडनावाचा रकाना रिकामा असेल तर व्हिसावर पहिल्या नावाच्या जागी ‘एफएनयू’, म्हणजे ‘फर्स्ट नेम अननोन’, लागलेलं असतं, आणि नोंद तशीच होऊ शकते. आडनावाची पहिली तीन-चार अक्षरंच टाकून बघा, मग नाव-आडनाव उलटं करून बघा, मग वडिलांचं नाव आडनावाच्या जागी. सापडला की बुकिंग नंबर लिहून ठेवा. पैसे, पत्र, भेट, सगळीकडे तोच लागतो.

‘व्हाइन’ ही मोफत सेवा बऱ्याच राज्यांत चालते. तिथे नोंद केली की हलवल्याचा किंवा सुटल्याचा संदेश फोनवर येतो. यादीतून नाव अचानक गायब झालं तर शक्यता तीन असतात. सुटला असेल, दुसऱ्या काउंटीत नेला असेल, किंवा इमिग्रेशन खात्याने म्हणजे ‘आइस’ने ताब्यात घेतला असेल. आइसचा शोध त्यांच्या स्वतंत्र ऑनलाइन लोकेटरवर घ्यायचा: ‘ए’ने सुरू होणारा नऊ अंकी एलियन नंबर (इमिग्रेशनने परदेशी माणसाला दिलेला क्रमांक) आणि जन्मदेश, किंवा नाव आणि जन्मदेश. इथे नावाचं स्पेलिंग तंतोतंत जुळावं लागतं, अर्धवट नाव चालत नाही. आइस बऱ्याच काउंटी जेलांमध्ये करारावर जागा घेतं, त्यामुळे माणूस त्याच इमारतीत राहूनही काउंटीच्या यादीतून निघून गेलेला असू शकतो.

पहिला फोन

अटकेनंतरच्या फोनचे नियम राज्यागणिक वेगळे. कॅलिफोर्नियात कायद्याने अटकेपासून तीन तासांच्या आत किमान तीन फोन करू द्यावे लागतात, आणि स्थानिक फोन फुकट असतात. लहान मुलांचा सांभाळ करणाऱ्या पालकाला मुलांच्या सोयीसाठी आणखी दोन मिळतात. अडचण वेगळीच असते: मोबाइल जमा झालेला असतो आणि नंबर कुणालाच पाठ नसतात. बायकोचा किंवा नवऱ्याचा एक अमेरिकन नंबर तोंडपाठ असणं, ही अमेरिकेत राहणाऱ्या प्रत्येकाने करून ठेवावी अशी गोष्ट आहे.

बाहेरच्याने अनोळखी नंबर आपोआप गप्प करण्याची सोय आणि मोबाइल कंपनीचा स्पॅम गाळण्याचा पर्याय लगेच बंद करावा. जेलचा फोन त्यातच अडकतो. व्हॉइसमेलवर तो स्वीकारला जात नाही. तो उचलल्यावर आधी रेकॉर्ड केलेला आवाज जेलचं नाव सांगतो आणि एखादं बटण दाबायला सांगतो. ती सूचना पूर्ण ऐकून मग दाबा, नाहीतर फोन कापला जातो. इंटरनेटवरून चालणारे नंबर अनेक जेलांत ब्लॉक असतात, म्हणून साधा मोबाइल नंबर द्या. आणि समोरच्याने खर्च देण्याचा कलेक्ट कॉल मोबाइलवर बहुतेकदा लागतच नाही, त्यामुळे प्रीपेड खातं उघडावंच लागतं.

खाती तीन, पैसे एका खात्यातून दुसऱ्यात जात नाहीत

सर्वात जास्त पैसे इथे वाया जातात. जेलची फोन कंपनी सिक्युरस, व्हायापाथ (पूर्वीची जीटीएल) किंवा आणखी कुठली, हे शेरीफच्या पानावर लिहिलेलं असतं. कंपनीचं ॲप घेण्याआधी ते वाचा.

पहिलं खातं तुमच्या नंबरचं. त्यात भरलेले पैसे फक्त त्या एका नंबरवर येणाऱ्या फोनला लागतात. दुसरं आतल्या माणसाचं फोनचं डेबिट खातं, त्यातून तो परवानगी असलेल्या कुठल्याही नंबरला फोन करतो. तिसरं कमिसरीचं, म्हणजे जेलच्या दुकानाचं: साबण, नूडल्स, टपालाचे कागद. बरेच लोक घाईत कमिसरीत दोनशे डॉलर टाकतात आणि मग फोन का येत नाही म्हणून वाट बघत बसतात. काही जेलांत आतला माणूस कमिसरीतून फोनकडे पैसे वळवू शकतो, काहींत नाही. शिवाय आधीचं काही देणं, उदाहरणार्थ डॉक्टरला दाखवल्याची फी, कमिसरीत पैसे येताच कापलं जातं.

आधी थोडेच, पंचवीस-तीस डॉलर भरा आणि फोन येतो का ते बघा. एका वेळी जास्त भरावं की थोडंथोडं, हे भरणा शुल्कावर ठरवा. दर वेळी ठराविक शुल्क असेल तर दहा-दहा डॉलर भरणं महागात पडतं. जेलच्या लॉबीतल्या किऑस्कवर रोख भरलं तर शुल्क वेगळं असतं. भारतातलं कार्ड बहुधा चालत नाही, कारण बिलिंगचा अमेरिकन झिप कोड मागतात. म्हणून भारतातून पैसे सूत्रधाराच्या खात्यात पाठवावेत आणि त्याने भरावेत. जानेवारी २०२३मध्ये झालेल्या मार्था राइट-रीड कायद्याने राज्याअंतर्गत फोन आणि व्हिडिओ कॉलच्या दरांवरही केंद्रीय दूरसंचार आयोग एफसीसीचा अधिकार आला. दर त्यानंतर बदलत राहिले आहेत, म्हणून भरण्याआधी मिनिटाचा दर बघा. सॅन फ्रान्सिस्को काउंटीत २०२०पासून जेलचे फोन फुकट आहेत.

खटल्याबद्दल एक शब्दही नको

फोन आणि व्हिडिओ रेकॉर्ड होतात आणि सरकारी वकिलाला ते मिळतात. ‘मराठीत बोललं तर कुणाला कळणार’ हा समज धोक्याचा आहे. भाषांतर करून घेता येतं, आणि कुजबुजत, आडून बोललेलं वाक्य कोर्टात जास्तच वाईट दिसतं. काय घडलं, कोण होतं, फोन कुठे ठेवला, काय डिलीट कर, तक्रारदाराला काय सांग, यातलं काहीच नको. तक्रारदाराशी संपर्क करू नये असा कोर्टाचा हुकूम असेल तर तुमच्यामार्फत दिलेला निरोपही उल्लंघन ठरू शकतो. हे घरगुती भांडणाच्या केसमध्ये वरचेवर घडतं: सासू सुनेला फोन करून ‘केस मागे घे’ म्हणते, आणि मुलावर नवा आरोप लागतो.

वकिलाचा नंबर जेलच्या यंत्रणेत खाजगी म्हणून नोंदलेला असेल तरच तो फोन रेकॉर्डिंगमधून वगळला जातो. ही नोंद करून घ्यायला वकिलाला सांगा. तुमच्या फोनवरून वकिलाला जोडू नका. आतला माणूस अमेरिकन नागरिक नसेल तर गुन्हा कबूल करण्याचा व्हिसा किंवा ग्रीन कार्डवर काय परिणाम होईल, हे सांगणं बचावाच्या वकिलाचं कर्तव्य आहे; सर्वोच्च न्यायालयाने २०१०मध्ये तसा निकाल दिला आहे. सरकारी खर्चाने मिळालेला वकील, म्हणजे पब्लिक डिफेंडर असला तरीही.

भारतातल्या आईवडिलांशी बोलणं

सूत्रधाराला फोन आला की त्याने पुण्याला तिसरा फोन जोडायचा, हा सगळ्यांना सुचणारा मार्ग. तोच करू नका. थ्री-वे कॉल आणि कॉल फॉरवर्डिंगला जेलांत मनाई असते. यंत्रणेला संशय आला की फोन कापला जातो, कधी तुमचा नंबर ब्लॉक होतो आणि आतल्याची फोनची सोय काही दिवस बंद होते.

सरळ मार्ग दोन. काही जेलांत डेबिट खात्यातून परदेशी फोन करता येतो: ०११, मग ९१, मग नंबर. सोय आहे का आणि दर काय, हे आधी फोन कंपनीला विचारा. दुसरा मार्ग घरून करायच्या व्हिडिओ भेटीचा. त्यासाठी आईवडिलांनी कंपनीच्या साइटवर नाव नोंदवून पासपोर्टचा फोटो चढवावा लागतो. परदेशातला पत्ता फॉर्म घेतो का, ते आधी बघा.

वेळ नीट जुळवा. उन्हाळ्यात कॅलिफोर्निया भारताच्या साडेबारा तास मागे असतं, हिवाळ्यात साडेतेरा. तिथे संध्याकाळी ७ म्हणजे आपल्याकडे दुसऱ्या दिवशी सकाळचे साडेसात किंवा साडेआठ, सोयीचं आहे. न्यू जर्सीत हा फरक साडेनऊ किंवा साडेदहा तासांचा, म्हणून तिथे सकाळची ९ची वेळ घ्या: भारतात संध्याकाळचे साडेसहा किंवा साडेसात. हजेरीच्या वेळी आणि लॉकडाऊनमध्ये फोन बंद असतात. ठरलेला फोन आला नाही तर बहुधा कारण हेच असतं, लगेच घाबरून जाऊ नका. एक फोन साधारण पंधरा-वीस मिनिटांत आपोआप तुटतो, तेव्हा महत्त्वाचं आधी बोला.

भारतीय वाणिज्य दूतावासाची मदत मागायची असेल तर ती आतल्या माणसाने मागायला हवी. १९६३च्या व्हिएन्ना करारानुसार परदेशी कैद्याला हा हक्क सांगावा लागतो, पण भारतीयांच्या बाबतीत अटकेची खबर आपोआप जात नाही. ‘कॉन्सुलेटला कळवा’ असं त्याने जेलमध्ये लेखी द्यावं. वॉशिंग्टनचा दूतावास किंवा न्यूयॉर्क, सॅन फ्रान्सिस्को, शिकागो, ह्यूस्टन, अटलांटा, सिएटल अशा शहरांतले वाणिज्य दूतावास, यांपैकी आपल्या राज्याचं कार्यालय कुठलं, ते घरच्यांनी बघून तिकडे ईमेलही करावा. ते वकील देत नाहीत आणि जामीनही भरत नाहीत, पण भेटायला येऊ शकतात, पासपोर्टचे प्रश्न बघतात.

पत्र

आता बरीच जेलं पत्र स्कॅन करून टॅबलेटवर दाखवतात. त्यासाठी टपाल दुसऱ्याच राज्यातल्या केंद्राच्या पत्त्यावर पाठवायचं असतं. जेलच्या इमारतीच्या पत्त्यावर टाकलेलं पत्र परत येतं. काही ठिकाणी फक्त पोस्टकार्ड चालतं. पूर्ण नाव, बुकिंग नंबर आणि पाठवणाऱ्याचा पत्ता नसेल तर पत्र पोचत नाही. साधा कागद, निळी किंवा काळी शाई. स्टेपल, स्टिकर, चमकी, अत्तर, पोलरॉइड फोटो नको.

आणि पाकिटात अंगारा, कुंकू, राखी, प्रसाद यातलं काहीही नको. पूड सापडली की ते घातक पदार्थ म्हणून बाजूला काढतात आणि चौकशी मागे लागते ती वेगळीच. आजीला पत्र लिहायचं असेल तर तिने कागदावर लिहून फोटो पाठवावा, सूत्रधाराने छापून टाकावं. मराठी पत्राला तपासणीत जास्त वेळ लागू शकतो. टॅबलेटच्या संदेशात देवनागरी नीट दिसते का, ते एका छोट्या संदेशाने तपासा. पुस्तकं बहुतेक ठिकाणी फक्त नवी, पेपरबॅक आणि थेट विक्रेत्याकडून आलेली चालतात.

भेट, औषधं, जेवण

भेट बहुतेक ठिकाणी काचेआडून किंवा जेलच्याच इमारतीतल्या पडद्यावर होते. आधी नोंदणी लागते, सरकारी ओळखपत्र लागतं. बिनबाह्यांचे कपडे, अर्धी चड्डी, कैद्यांच्या गणवेशाच्या रंगाचे कपडे नकोत. ओढणी, स्कार्फ बाहेर ठेवायला लावू शकतात. पर्स आणि मोबाइल गाडीतच ठेवा. भेटणाऱ्यावर वॉरंट आहे का, हे तपासलं जातं. ज्याची स्वतःची इमिग्रेशनची स्थिती कच्ची आहे त्याने जाण्याआधी इमिग्रेशन वकिलाला विचारावं.

डबा देता येत नाही. शाकाहारी किंवा धार्मिक कारणाचं जेवण हवं असेल तर अर्ज आतल्यानेच भरायचा, बहुधा चॅप्लेनकडे. औषधांचं मात्र तुम्ही लगेच करा: जेलच्या वैद्यकीय विभागाला फोन करून मधुमेह, रक्तदाब, मानसिक आजार, औषधाचं नाव, मात्रा आणि फार्मसीचा नंबर सांगा. गोपनीयतेच्या नियमामुळे ते तुम्हाला काही सांगणार नाहीत, पण तुम्ही दिलेली माहिती घेण्यावर बंधन नाही. कुणाशी बोललात, किती वाजता, हे लिहून ठेवा आणि वकिलाला कळवा.

घराची किल्ली, गाडीची किल्ली, कार्डं त्याच्या जप्त सामानात असतात. ती सोडवायला बहुतेक जेलांत त्याच्या सहीचा प्रॉपर्टी रिलीज फॉर्म चालतो, पुरावा म्हणून ठेवलेल्या वस्तू सोडून. भाडं, बँकेच्या कामासाठी मुखत्यारपत्र करायचं तर नोटरी जेलमध्ये येऊ शकतो. पण ओळखपत्रही त्याच सामानात असतं, म्हणून दोन्ही गोष्टी एकत्र ठरवा.

‘जेलमधून बोलतोय, जामिनाचे पैसे गिफ्ट कार्डने भरा’ असा फोन आला तर ठेवून द्या. अटकेच्या याद्या सगळ्यांना दिसतात, तशा ठगांनाही.

सुटका रात्री एक-दोन वाजताही होते. त्या वेळी मोबाइलची बॅटरी संपलेली असते आणि उरलेली रक्कम डेबिट कार्डावर किंवा चेकने मिळते. व्हाइनचा संदेश येताच लॉबीबाहेर गाडी उभी असावी. दुसऱ्या दिवशी फोन कंपनीकडे तुमच्या नंबरच्या खात्यातली शिल्लक परत मागा, कारण बरेच दिवस न वापरलेलं खातं बंद झालं की ते पैसे मिळवणं किचकट होतं.