विद्यापीठातली नोकरी, पगार-पेन्शनचा वाद आणि नेहमीच्या चुका (या टाळा)

विद्यापीठात नोकरी म्हणजे मालक दोन. ऑर्डर देतं विद्यापीठ, पगाराचं अनुदान देतं सरकार, आणि वेतननिश्चिती (म्हणजे कोणाचा मूळ पगार किती ते ठरवणं) बरोबर आहे का ते बघतं उच्च शिक्षण सहसंचालकांचं ऑफिस. भांडण लागलं की दोघंही एकमेकांकडे बोट दाखवतात आणि आपला माणूस फाईल घेऊन मधे फिरत बसतो. महाराष्ट्रात बऱ्याच केसेस इथेच अडकतात, म्हणजे मुद्दा बरोबर असतो पण दरवाजा चुकतो.

शेजारचा मंत्रालयातला क्लार्क मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जाऊन जिंकला म्हणून आपणही मॅटमध्ये जायचं, असं नाही हो. मॅट राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी, विद्यापीठाचा कर्मचारी त्यात बसत नाही (सरकारी कॉलेजचे प्राध्यापक बसतात, त्यांचं वेगळं). विद्यापीठ आणि महाविद्यालय न्यायाधिकरण आहे, पण तिथलं अपील बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती असल्या प्रकरणांसाठी, तेही 30 दिवसांत. नुसता पगाराचा, थकबाकीचा, पेन्शनचा प्रश्न असेल तर 2016 च्या सार्वजनिक विद्यापीठ कायद्यातली तक्रार निवारण समिती, आणि तिथे नाही भागलं तर राज्यघटनेच्या कलम 226 खाली हायकोर्टात रिट याचिका. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना आता त्यासाठी मुंबई गाठायची गरज नाही, ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय. आणि रिटमध्ये फक्त विद्यापीठाला पार्टी (प्रतिवादी) करू नका, राज्य सरकार आणि सहसंचालक दोन्ही पाहिजेत, नाहीतर विद्यापीठ सरळ सांगतं की अनुदान आलं की देऊ, आणि विषय तिथेच संपतो.

दुसरी चूक वाट बघण्याची. एक अर्ज, मग स्मरणपत्र, मग परत स्मरणपत्र, आणि साहेब म्हणतात "प्रस्ताव वर पाठवलाय". अर्ज करत राहिल्याने मुदत वाढत नाही, हे सुप्रीम कोर्टाने सी. जेकब केसमध्ये 2008 लाच सांगितलंय. त्याच वर्षीच्या तरसेम सिंग निकालाप्रमाणे कमी पेन्शन दर महिन्याला नव्याने होणारा अन्याय धरला जातो, म्हणून उशिरा गेलात तरी केस टिकू शकते, पण थकबाकी साधारण याचिकेच्या आधीच्या 3 वर्षांचीच मिळते. दहा वर्षं साहेबांवर विश्वास ठेवला तर सात वर्षांचे पैसे गेलेच समजा.

आता वसुली, म्हणजे चुकून जादा दिलेला पगार परत मागणं. शिक्षकेतर मंडळींना हे सांगायला नको, डिसेंबर 2018 मध्ये आश्वासित प्रगती योजनेचा (बढती न मिळालेल्यांना वरची वेतनश्रेणी देणारी योजना) लाभ काढून घेतला आणि त्यावरून 2023 मध्ये परीक्षांच्या कामावर बहिष्कार टाकायची वेळ आली. वसुलीची नोटीस आली की लोक दोन टोकं गाठतात, एकतर घाबरून "माझ्या ग्रॅच्युइटीतून कापून घ्या" असं लिहून देतात, नाहीतर "रफिक मसीह आहे ना" म्हणून निवांत बसतात. सुप्रीम कोर्टाच्या 2014 च्या त्या निकालात गट क आणि ड चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम मिळालेले, अशांकडून वसुली नको असं म्हटलंय. पण 2016 मध्ये जगदेव सिंग केसमध्ये त्याच कोर्टाने निवृत्त न्यायिक अधिकाऱ्याकडून वसुली मान्य केली, कारण त्याने सुधारित वेतनश्रेणी घेताना जादा रक्कम परत करीन असं हमीपत्र दिलं होतं. सहाव्या-सातव्या वेतन आयोगाच्या वेळी आपण कशाकशावर सह्या केल्या ते म्हणूनच आधी शोधा, वकिलाला आधी दाखवा, समोरच्याने कोर्टात काढून दाखवलं तर फार वाईट दिसतं. आणि वसुली थांबली म्हणजे वेतननिश्चिती वाचली असं नाही! पैसे परत मागायचे नाहीत पण पगार खाली आणून पेन्शन त्यावरच, असं होतं. याचिकेत दोन्ही गोष्टींना आव्हान पाहिजे, वसुलीला आणि कमी केलेल्या वेतनालाही.

30 जूनला रिटायर झालात? 1 जुलैची वेतनवाढ एका दिवसाने हुकली म्हणून सोडून देऊ नका, एप्रिल 2023 मध्ये सुप्रीम कोर्टाने ती वाढ धरावी असा निकाल दिलाय. मात्र फेब्रुवारी 2025 च्या आदेशाप्रमाणे जे कोर्टात गेलेच नव्हते त्यांना वाढीव पेन्शन 1 मे 2023 पासूनच, त्याआधीची थकबाकी नाही.

खात्याची चौकशी चालू असताना रिटायर झालात तर ग्रॅच्युइटी अडकते, ते कळण्यासारखं आहे, पण तात्पुरती पेन्शन राज्याच्या 1982 च्या पेन्शन नियमांत आहे, ती लेखी मागा, कोणी आपणहून देत नाही.

सेवापुस्तक रिटायरमेंटच्या महिन्यात बघायची सवय तर भयंकर. दोन वर्षं आधी झेरॉक्स घ्या, वेतन पडताळणीचा शिक्का प्रत्येक आयोगानंतर लागलाय का ते बघा, सेवेतला खंड क्षमापित केल्याची (म्हणजे मधला खंड माफ करून सेवा सलग धरल्याची) ऑर्डर चिकटवलीय का ते बघा. आणि 2005 च्या आसपास लागलेल्यांनी मूळ जाहिरातीचं कात्रण शोधून ठेवा, जुनी पेन्शन की नवी या भांडणात 1 नोव्हेंबर 2005 च्या आधीची जाहिरात हाच मुख्य पुरावा ठरतो, आणि तो विद्यापीठाच्या रेकॉर्डमध्ये नेमका सापडत नाही.