लेण्यातली मूर्ती ओळखायची कशी?

चेहऱ्यावरून नाव ठरवू नका, चेहरे सारखेच असतात. आधी आसन बघा, मग हात, मग डोकं.

वेरूळच्या १० नंबरच्या लेण्यात (गाववाल्यांची 'सुताराची झोपडी') स्तूपापुढचा बुद्ध खुर्चीत बसल्यासारखा पाय खाली सोडून बसलाय, हे प्रलंबपादासन. बुद्धाचे दोन्ही हात छातीशी, बोटं एकमेकांना टेकलेली (नमस्कारासारखी नव्हे) असली की धर्मचक्रमुद्रा, उजवा गुडघ्यावरून जमिनीकडे गेला की भूमिस्पर्श. अंगावर दागिने आणि डोक्यावर जटा असतील तर तो बहुधा बोधिसत्त्व, म्हणजे बुद्धत्वाच्या वाटेवरचा. तिथे टॉर्च बाजूने, तिरपा धरा. जटांच्या पुढे इवलासा बसलेला बुद्ध दिसला तर अवलोकितेश्वर (करुणेचा बोधिसत्त्व), स्तूप दिसला तर मैत्रेय (पुढे होणारा बुद्ध). उजेड समोरून टाकलात की सावली जाते आणि एवढं बारीक काम दिसतच नाही.

खरी फसगत घारापुरीच्या योगीश्वर शिवापाशी. कमळावर पद्मासन, खाली देठ धरलेले नाग. पहिल्या नजरेत बुद्धच वाटतो. हात तुटलेत, तेव्हा आयुधं शोधण्यात वेळ घालवू नका, सरळ मुकुट बघा, बुद्धाच्या डोक्यावर तो सहसा नसतो. इतरत्र अशीच बैठी मूर्ती ऊर्ध्वलिंगी (लिंग ताठ असलेली) आणि हातात दंड घेतलेली असेल तर तो लकुलीश, शिवाचा अवतार मानलेला गुरू.