नॉर्मन आरमाराविषयी लिहिताना आणि जहाजांच्या प्रतिकृती बनवताना या चुका टाळा

१०६६ साली नॉर्मंडीचा ड्यूक विल्यम याने इंग्लंडवर जी स्वारी केली, तिच्याविषयी मराठीत लिहिलेले लेख, शाळा-महाविद्यालयांतील प्रदर्शनांचे फलक आणि हौशी कारागिरांनी केलेल्या जहाजांच्या प्रतिकृती गेली अनेक वर्षे माझ्याकडे तपासायला येत आहेत. हेस्टिंग्जची लढाई बहुतेकांनी बारकाईने वाचलेली असते. जानेवारी ते सप्टेंबर या महिन्यांत जी तयारी झाली तिला मात्र ‘विल्यमने मोठे आरमार उभारले’ एवढ्या एका वाक्यात उरकले जाते, आणि त्या वाक्यापाठोपाठ ठरलेल्या चुका येतात. ही तयारी म्हणजे लाकूड, चारा, पाणी, दोर आणि माणसे यांचा मोठा हिशेब होता. तो हिशेब आधी मांडल्याशिवाय लिहायला बसू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

जहाजांचा एकच आकडा ठोकून देणे

सर्वांत जास्त वेळा दुरुस्त करावी लागलेली चूक ही आहे. कोणी ३,००० जहाजे लिहितो, कोणी १,०००, कोणी ६९६, आणि तो आकडा कोणी दिला हे कोणीच सांगत नाही. ३,००० हा आकडा जुमिएजच्या मठातील विल्यम या भिक्षूने दिला. तो स्वारीनंतर थोड्याच वर्षांत लिहीत होता, तरी एवढी जहाजे त्याने मोजली असतील असे मानण्याचे कारण नाही. ६९६ हा आकडा वास या कवीचा. जर्सी बेटावर जन्मलेला वास स्वारीनंतर सुमारे शंभर वर्षांनी लिहितो, आणि सातशेला चार कमी असे आपण लहानपणी वडिलांच्या तोंडून ऐकले होते, लेखी मात्र आपल्याला तीन हजार सापडले, हे तो आपण होऊन सांगतो. इतक्या सरळ साक्षीदाराचे नाव गाळून त्याचा आकडा तेवढा उचलणे मला कधीच पटलेले नाही.

तिसरा आधार आहे तो विल्यमच्या सरदारांनी किती जहाजे द्यायची याच्या लॅटिन यादीचा. ती बाराव्या शतकातील एका हस्तलिखितात टिकून राहिली. तिच्यात विल्यमचा सावत्र भाऊ मॉर्तेंचा रॉबर्ट याच्या नावावर १२० जहाजे आहेत, दुसरा सावत्र भाऊ बायोचा बिशप ओडो याच्या नावावर १००, एव्ह्रोच्या काउंटच्या नावावर ८०, आणि विल्यम फिट्झऑसबर्न, रॉजर ऑफ माँगमरी यांच्यासारख्या पाच जणांच्या नावावर प्रत्येकी ६०. यादीच्या शेवटी या सर्वांची बेरीज १,००० असल्याचे म्हटले आहे. मी प्रत्येक नव्या लेखकाला ती बेरीज हाताने करायला लावतो, कारण ती ७७६ येते. यादी पुढे असेही म्हणते की याखेरीज इतर लोकांनी आपापल्या ऐपतीप्रमाणे आणखी जहाजे दिली. म्हणजे ७७६ हाही संपूर्ण आरमाराचा आकडा ठरत नाही. तो मोठ्या सरदारांवर बसवलेल्या वाट्याचा आकडा आहे, आणि तसाच लिहिला पाहिजे.

याच यादीने एकदा मोठा घोटाळा केला. एका प्रदर्शनासाठी तरुणांच्या गटाने तयार केलेला मोठा फलक मी उद्घाटनाच्या आदल्या संध्याकाळी पाहिला, तेव्हा त्यावर ‘१५,५२० घोडेस्वार’ असा ठसठशीत मजकूर छापलेला होता. हा आकडा कोठे सापडला असे विचारल्यावर त्यांनी हिशेब दाखवला. फेकांच्या मठाचा रेमिजियस, जो पुढे लिंकनचा बिशप झाला, त्याने एक जहाज आणि त्यासोबत २० योद्धे दिले असे यादी सांगते. त्या २० ला त्यांनी ७७६ ने गुणले होते. गुणाकार अचूक होता, पण यादीतील बाकीच्या ओळी कोणी वाचल्या नव्हत्या. वॉल्टर गिफार्डने ३० जहाजांसोबत १०० योद्धे दिले, म्हणजे जहाजामागे तीन-चार. रुआंच्या सेंत-वाँ मठाचा प्रमुख निकोलस याने १५ जहाजांसोबत १००, म्हणजे सहा-सात. ह्यू द माँफोरने ५० जहाजांसोबत ६०, म्हणजे जेमतेम एकाहून थोडे अधिक. जहाजे देणारा आणि योद्धे देणारा यांचा वाटा वेगवेगळा ठरलेला होता, त्यामुळे या आकड्यांवरून ‘एका जहाजात इतके’ असे प्रमाण काढताच येत नाही. अभ्यासक साधारणपणे सात-आठ हजार माणसे आणि दोन ते तीन हजार घोडे धरतात. फलक त्या रात्री उतरवावा लागला, आणि मुलांचे दोन आठवड्यांचे काम वाया गेले याचे मला आजही वाईट वाटते.

घोडे जहाजात कसे मावले, हे न तपासणे

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच मुलांना घेऊन मी अंगणात खडूने एका जहाजाचा पूर्ण आकाराचा आराखडा काढला. आधार घेतला तो डेन्मार्कमधील रोस्किल्डच्या खाडीतून १९६२ साली बाहेर काढलेल्या पाच जहाजांपैकी स्कुल्डेलेव्ह ३ या अकराव्या शतकातील मालवाहू जहाजाचा: लांबी १४ मीटर, रुंदी ३.३ मीटर, वाहण्याची क्षमता साडेचार टनांच्या आसपास. हे नॉर्मन जहाज नव्हे, हे सांगूनच पुढे जावे. पण त्याच काळातील, फळीवर फळी चढवून बांधलेल्या उत्तरेकडच्या जहाजांपैकी ते आहे, आणि विल्यमची म्हणता येतील अशी जहाजे आपल्या हाती नसल्यामुळे मापासाठी याच घराण्याकडे वळावे लागते. मग पुठ्ठ्याचे आयत कापले, प्रत्येक आयत सव्वादोन मीटर लांब आणि पाऊण मीटर रुंद, म्हणजे एक लहान चणीचा घोडा. दोन्ही टोके निमुळती होत जातात, सुकाणूपाशी माणूस उभा राहायला जागा लागते, डोलकाठी आणि दोर यांना जागा लागते, आणि घोड्याला शांत ठेवायला त्याच्या तोंडाशी एक माणूस लागतो. हे सगळे आखून झाल्यावर पाच आयत कसेबसे बसले. ‘एका जहाजात वीस घोडेस्वार’ हे वाक्य त्यानंतर त्या गटातील कोणीही लिहिले नाही.

तेव्हापासून माझी सवय अशी आहे की जहाजाविषयी एकही वाक्य लिहिण्यापूर्वी खडू हातात घ्यायचा. संगणकावर आराखडा काढणे सोपे आहे, पण पडद्यावर घोडा आणि माणूस सारखेच लहान दिसतात आणि जागेची टंचाई लक्षात येत नाही. घाई असलेल्या नवशिक्यांना हा अर्धा दिवस वाया गेला असे वाटते. मला तो सर्वांत कामाचा वाटतो.

घोडे उतरवण्यासाठी धक्का किंवा मोठी फळी हवीच असे चित्रात दाखवणारेही पुष्कळ आहेत. या स्वारीचे प्रसंग दाखवणाऱ्या बायोच्या प्रसिद्ध पटावर इंग्लंडच्या किनाऱ्यावरील पेव्हन्सीला उतरताना घोडे जहाजाच्या कडेवरून सरळ पाय टाकून बाहेर पडताना दाखवले आहेत. १९६० च्या दशकात डेन्मार्कमध्ये लाडबी येथील जहाजाची प्रतिकृती करून त्यावर घोडे चढवून आणि किनाऱ्यावर उतरवून पाहण्यात आले, आणि ते जमले. तळ उथळ आणि कड बुटकी असल्यामुळे हे शक्य होते. शिवाय घोडे समुद्रापार नेणे नॉर्मन लोकांना नवे नव्हते: त्यांच्याच दक्षिण इटलीतील भाऊबंदांनी १०६१ साली सामुद्रधुनी ओलांडून मेसिना घेतले होते.

करवत, रंधा आणि वाळवलेले लाकूड

इंग्लंडचा राजा एडवर्ड ५ जानेवारी १०६६ रोजी वारला, दुसऱ्याच दिवशी त्याच्या जागी हॅरल्डचा राज्याभिषेक झाला, आणि ऑगस्टपर्यंत विल्यमचे आरमार नॉर्मंडीतील दीव नदीच्या मुखाशी जमले होते. सात महिन्यांत हे कसे झाले, असा प्रश्न पडल्यावर काही जण लाकूड वाळायला वेळ मिळाला नाही म्हणून जहाजे कच्ची होती, असे लिहून मोकळे होतात. त्या परंपरेत ओक मुद्दाम ओलाच वापरत. ताज्या ओंडक्यात पाचरी ठोकून तो गाभ्यापासून बाहेरच्या दिशेने चिरत, आणि मग कुऱ्हाडीने फळी तासत. ओले लाकूड चिरायला आणि वाकवायला सोपे, आणि रेषेच्या बाजूने चिरलेली फळी पातळ असूनही मजबूत. बायोच्या पटावर झाडे तोडणारे, फळ्या तासणारे आणि भोके पाडणारे कारागीर आहेत, त्यांच्या हातात कुऱ्हाडी आहेत, करवत कोठेही नाही. वेळ कमी पडला असेल तो माणसे आणि झाडे गोळा करायला. म्हणूनच नव्या जहाजांबरोबर आधीपासून असलेली व्यापारी आणि मासेमारीची जहाजेही गोळा केली गेली असणार, असे मानणे वाजवी आहे.

प्रतिकृती करणाऱ्यांनी लेझरने कापलेल्या तयार फळ्यांचे संच या जहाजांसाठी घेऊ नयेत, असा माझा आग्रह आहे. त्या फळ्यांत लाकडाची रेषा आडवी-तिडवी कापलेली असते, त्यामुळे नाळेपाशी, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाशी, वाकवताना त्या मोडतात, आणि मग लोक भिजवून, गरम करून, सरस ओतून वेळ काढतात. मी सुरीने रेषेच्या बाजूने लहान ढलपी चिरतो आणि ती तासतो. चार दिवस जास्त लागतात, पण फळी मोडत नाही.

काही चुका एका ओळीत सांगण्यासारख्या आहेत. सुकाणू मागे मधोमध बसवू नका, ते उजव्या बाजूला लावलेले मोठे वल्हे असते. शीड एकच, चौकोनी. कोकणातील गलबताचे तिरके शीड पाहून रेखाटने करणाऱ्या आपल्या चित्रकारांनी हे विशेष लक्षात ठेवावे. फळ्या कडेला कड लावून जोडू नका, एकीवर एक चढवा. बायोचा पट विणलेला नाही, लिननच्या कापडावर लोकरीने भरतकाम केलेला आहे. सगळी जहाजे एकाच आकाराची दाखवू नका.

‘वारा नव्हता म्हणून थांबला’ एवढेच लिहिणे

वारा प्रतिकूल होता हे खरेच. ड्यूक विल्यमचा चरित्रकार प्वातिएचा विल्यम तसे सांगतो, आणि सोम नदीच्या मुखाशी सें-व्हालेरी येथे वारा फिरावा म्हणून संताचे अवशेष बाहेर आणून प्रार्थना केल्याचेही सांगतो. पण वारा एवढेच कारण दिले की तयारीचा सर्वांत अवघड भाग, म्हणजे एका जागी महिनाभर थांबून राहणे, लेखातून नाहीसा होतो. येथेही मी आधी हिशेब मांडतो. अडीच हजार घोडे धरले आणि प्रत्येकाला दिवसाला ३० लिटर पाणी धरले, तर रोजचे ७५,००० लिटर होतात. दहा किलो चारा-दाणा धरला तर रोजचे २५ टन. शेणाची विल्हेवाट वेगळी. हा माझा ढोबळ हिशेब आहे, पण तो मांडल्यावर प्वातिएचा विल्यम ज्या गोष्टीची एवढी स्तुती करतो, की सैन्य तळ देऊन असताना आसपासच्या शेतांतील पिके आणि गुरे सुरक्षित राहिली, तिचे मोल कळते. लूट न करता एवढ्या तोंडांना पोसायचे तर सगळे धान्य आणि चारा बाहेरून आणून साठवावा लागतो.

इंग्लिश खाडीपलीकडे हॅरल्डला हेच जमले नाही. त्याने वाइट बेटापाशी आरमार आणि किनाऱ्यावर फौज उन्हाळाभर उभी ठेवली, आणि ८ सप्टेंबरला शिधा संपला म्हणून ती मोडावी लागली, असे अँग्लो-सॅक्सन बखर सांगते. त्यानंतर चारेक दिवसांत विल्यमचे आरमार दीवहून सें-व्हालेरीला सरकले. त्या हालचालीत काही जहाजे बुडाली आणि मेलेल्यांना त्याने गुपचूप पुरले, हेही प्वातिएचा विल्यम लिहितो. ही दोन ठिकाणे एक समजून ‘विल्यम दीवहून निघून पेव्हन्सीला उतरला’ असे लिहिणारे हा सगळा मजकूर गमावतात.

सें-व्हालेरीहून २७ सप्टेंबरच्या संध्याकाळी आरमार निघाले. सोमचे मुख ओहोटीला मोठ्या प्रमाणावर कोरडे पडते, म्हणून निघण्याची वेळ भरतीवर अवलंबून असणार. चित्रात भर दुपारच्या उन्हात शिडे फुगवलेली दाखवू नयेत. विल्यमचे स्वतःचे जहाज ‘मोरा’ त्याची पत्नी माटिल्डा हिने दिले होते. त्यावरील सोनेरी मुलाची मूर्ती यादीनुसार नाळेवर होती, बायोच्या पटावर मात्र ती मागच्या टोकाला भरलेली आहे. प्रतिकृती करताना यांपैकी जो आधार घ्याल तो पाटीवर लिहा. डोलकाठीवर कंदील लावून मोरा पुढे निघाले, आणि ते इतके वेगाने गेले की पहाटे मागे एकही जहाज दिसेना. सगळी जहाजे शिस्तीत रांगेने जाताना दाखवणारी चित्रे म्हणूनच चुकीची आहेत. विल्यमने नांगर टाकायला लावला, पोटभर जेवण केले आणि वाट पाहिली. हळूहळू शिडे दिसू लागली आणि २८ सप्टेंबरला आरमार पेव्हन्सीला लागले. काही जहाजे भरकटून रॉम्नीला गेली, आणि त्यांतील माणसांना तेथील लोकांनी मारले.