कल्पित विश्वातील चिन्हांचा अर्थ कसा झिजवावा

कल्पित विश्व रचणारे बहुतेक लेखक चिन्ह घडवताना मनापासून मेहनत घेतात, पण ते एकदा घडवले की हजार वर्षांच्या कथेत त्याचा अर्थ तसूभरही हलू देत नाहीत. पहिल्या राजाच्या ढालीवर जे चिन्ह शौर्याचे होते, ते त्याच्या चाळिसाव्या वंशजाच्या ढालीवरही शौर्याचेच राहते आणि सारे विश्व कालच चुना मारलेल्या भिंतीसारखे कोरे वाटू लागते. विश्वाला जुनेपण हवे असेल तर अर्थ झिजायला हवा, आणि तो कोणत्या क्रमाने झिजतो हे आधी प्रत्यक्ष पाहून घ्यावे.

त्यासाठी वीरगळासारखा दुसरा धडा नाही. लढताना पडलेल्या वीराच्या स्मरणार्थ उभारलेल्या या शिळेवरच्या चौकटी खालून वर वाचायच्या असतात: तळाशी लढाई किंवा पडलेला वीर, त्यावर त्याला स्वर्गात नेणाऱ्या अप्सरा, त्याही वर शिवलिंगाची पूजा करणारा तोच वीर आणि माथ्यावर चंद्र-सूर्य, म्हणजे ते आकाशात आहेत तोवर ही कीर्ती टिको. आज कित्येक गावांत हीच शिळा देवळाच्या भिंतीला टेकवलेली दिसते. तिच्यावर शेंदराचे इतके थर चढलेले असतात की खालची लढाई बोटांनी चाचपूनही कळत नाही, आणि तिला देव मानून पुढ्यात नारळ फोडला जातो. बहुतेक वीरगळांवर लेख नसल्याने वीराचे नाव आधी गेले, मग त्याच्या मरणाचे कारण गेले, मग चौकटी वाचण्याची रीत गेली. तेल वाहणारा हात मात्र राहिला. गद्धेगळाचे तर दोन टोकांना दोन शेवट झाले. दिलेले दान मोडणाऱ्याला घातलेली शिवी चित्रातून दाखवणारी ही शिळा कुठे देव म्हणून पुजली जाते, तर कुठे अशुभ मानून टाळली जाते. दानाची अट विसरली गेली, धाक तेवढा उरला.

आता आपल्या विश्वाकडे यावे. चिन्ह ठरवताना त्याचा अर्थ काय, यापेक्षा ते काय काम करते हे आधी ठरवावे. समजा, तुमच्या विश्वात आकाश हा पितळी घुमट आहे आणि मृतांचे आत्मे त्याच्या पश्चिमेकडील फटीतून बाहेर पडतात. म्हणून प्रत्येक मृताच्या उशाशी एका जागी तुटलेले पितळी कडे ठेवतात आणि ती तूट बरोबर त्याच्या करंगळीएवढी असते.

झिजेचे कारण नेहमी कोणाच्या तरी हातात शोधावे. ‘काळाच्या ओघात लोक विसरले’ या वाक्याने काहीच घडत नाही. साथीच्या वर्षी मागणी वाढते, तेव्हा ओतारी प्रत्येकाची करंगळी मोजणे सोडून एकच साचा वापरू लागतो. तुटीजवळची टोके साच्यातून काढताना मोडतात, म्हणून त्याचा मुलगा ती तूट बुजवतो आणि तिच्या जागी आठवणीपुरती एक खाच कोरतो. नातवाला ती खाच शोभेची वाटते आणि तो तिच्या जोडीला आणखी सहा कोरतो. तिघांपैकी कोणीही हयगय केलेली नाही, प्रत्येकाने आपले काम चोख केले आहे, आणि तरी वाट बंद झाली आहे. खलनायकाने चिन्ह भ्रष्ट केल्याच्या कथेपेक्षा मला ही झीज कितीतरी अधिक जिव्हारी लागते, म्हणून लेखकाने इथे घाई करू नये.

शब्दही असेच झिजू द्यावेत. पूर्वी मुलांचे अक्षरशिक्षण ‘ॐ नमः सिद्धम्’ या नमनाने सुरू होई. तोंडातोंडी त्याचे ‘ओनामासीधम’ झाले आणि आता ‘ओनामा’ म्हणजे नुसती सुरुवात. तुमच्या विश्वातला अंत्यमंत्रही असाच आखडत जाऊन बाजारात सौदा तुटल्यावर म्हणायचा शब्द होऊ शकतो.

झिजेची किंमत त्या विश्वाला मोजावी लागली पाहिजे. वाट न सापडलेले आत्मे घुमटाखाली साचत गेले, तर संध्याकाळचा उजेड वर्षागणिक गढूळ होईल. निवेदकाने हे समजावून सांगू नये. एखाद्या म्हाताऱ्या नावाड्याने ‘आमच्या लहानपणी या वेळी पलीकडचा काठ दिसायचा’ एवढेच म्हणावे.

जुना आकार मात्र कुठेतरी शिल्लक ठेवावा, आणि तो सुधारावा असे कोणाच्याही मनात येणार नाही अशी जागा त्यासाठी निवडावी. राजवाडा आणि देवालय टाळावे, कारण तिथे जीर्णोद्धार होत असतात. स्वयंपाकघर बरे. घरात कोणी गेले की आजी कणकेचे कडे वळून तळते, पण त्याची टोके जोडत नाही. मध्ये करंगळी धरून तेवढी जागा सोडते. का म्हणून विचारले, तर ‘आई अशीच करायची’ एवढेच तिला सांगता येते. पुढचे प्रकरण नातीने त्या फटीत स्वतःची करंगळी घालून पाहण्यापासून सुरू करावे.